निकालानंतरचं प्रश्नचिन्ह

संजय दत्तवर एका हिंदी वाहिनीने केलेला तासाभराचा कार्यक्रम मध्यंतरी आमच्या कोर्टातल्या वकिलांच्या बार रूममध्ये चांगलाच गाजला. निम्मे लोक त्याच्या बाजूने, निम्मे विरोधात. मी तो घरी बसून पुन्हा एकदा नीट पाहिला. पडद्याचे दोन भाग केले होते. डावीकडे १९९३ सालची कृष्णधवल दृश्यं: पोलिसांची गाडी, छायाचित्रकारांची रेटारेटी, मान खाली घातलेला लांब केसांचा तरुण. उजवीकडे रंगीत मुन्नाभाई, भेटेल त्याला मिठी मारणारा. दोन्हींच्या मधोमध रायफलीचं चित्र आणि त्यावर लाल अक्षरांत प्रश्न: नायक की खलनायक? तासभर हा प्रश्न पडद्यावर येत-जात राहिला. आईचा मृत्यू आला, व्यसन आलं, वडिलांची धावपळ आली, तुरुंग आला, पुनरागमन आलं. शेवटी निवेदक म्हणाला, निर्णय तुम्हीच करा.

माझा आक्षेप त्या शेवटच्या वाक्याला आहे. निर्णय प्रेक्षकांनी करायचा राहिलेलाच नाही, तो होऊन गेला आहे. खटला चालला, साक्षीपुरावे झाले, निकाल लागला, अपील झालं, सर्वोच्च न्यायालयाने दोषसिद्धी कायम केली, शिक्षा भोगूनही झाली. एवढं सगळं झाल्यावर त्या माणसापुढे पुन्हा प्रश्नचिन्ह काढायचं आणि त्याला व्यक्तिचित्र म्हणायचं, हे मला मान्य नाही. मी सांगलीत फौजदारी वकिली करतो. निकालपत्राला काय किंमत मोजावी लागते, आरोपीला, फिर्यादीला आणि मेलेल्याच्या घरच्यांना, ते रोज पाहतो. म्हणून हे लिहितो आहे.

काय ठरलं ते आधी सरळ मांडतो, कारण त्या तासाभरात ते एकदाही सलग सांगितलं गेलं नाही. १२ मार्च १९९३ रोजी मुंबईत एकामागोमाग बारा स्फोट झाले, २५७ माणसं गेली. त्याआधी, जानेवारीत, शहरात दंगली चालू असताना संजय दत्तकडे विनापरवाना एके-५६ रायफल आली आणि ती त्याने ठेवून घेतली. वडील सुनील दत्त दंगलग्रस्तांना मदत करत होते, घराला धमक्या येत होत्या, म्हणून कुटुंबाच्या रक्षणासाठी शस्त्र ठेवलं, असं त्याचं म्हणणं होतं. एप्रिलमध्ये तो मॉरिशसला शूटिंगला असताना बातमी फुटली, तेव्हा त्याने मित्रांना सांगून ती रायफल नष्ट करायला लावली. परत येताच, १९ एप्रिलला, त्याला अटक झाली. खटला टाडा या दहशतवादविरोधी कायद्याखालच्या विशेष न्यायालयात चालला. २८ नोव्हेंबर २००६ रोजी न्यायाधीश प्र. द. कोदे यांनी त्याला टाडाखालच्या आरोपांतून मुक्त केलं आणि शस्त्र अधिनियमाखाली दोषी ठरवलं. पुढच्या जुलैत सहा वर्षांची शिक्षा झाली. २१ मार्च २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती पाच वर्षांवर आणली, कायद्यात त्या गुन्ह्याला जेवढी कमीत कमी शिक्षा होती तेवढी. चांगल्या वर्तणुकीवर सोडून द्यावं ही विनंती मात्र फेटाळली. मे महिन्यात तो उरलेली शिक्षा भोगायला हजर झाला आणि २५ फेब्रुवारी २०१६ रोजी येरवड्यातून सुटला.

यात परस्परविरोधी काय आहे? तो दहशतवादी नव्हता, हे न्यायालयाने सांगितलं. तो गुन्हेगार होता, हेही न्यायालयानेच सांगितलं. दोन्ही वाक्यं एकाच वेळी खरी आहेत आणि एकमेकांना धक्का लावत नाहीत. बार रूममध्ये जे त्याला अतिरेकी म्हणत होते ते चूक होते, आणि ज्यांना तो बिचारा, भोळा, फसलेला वाटत होता तेही चूक होते. तेहतीस-चौतीस वर्षांचा, खासदाराचा मुलगा, देशभर नाव असलेला नट आपल्या घरात कसली वस्तू ठेवतो आहे हे ओळखत नव्हता, असं कुणी म्हणू नये. बातमी फुटल्यावर ती वस्तू नाहीशी करायला लावणाऱ्याला तिचा अर्थ कळलेला असतो.

मग वाहिन्या ‘दोन चेहऱ्यांची’ गोष्ट का सांगतात? कारण ठरलेली गोष्ट दहा मिनिटांत सांगून संपते आणि न सुटलेलं कोडं तासभर चालतं, पुन्हा पुन्हा दाखवता येतं. त्यासाठी या माणसाच्या आयुष्यात साहित्यही भरपूर आहे. नर्गिस गेल्या ३ मे १९८१ रोजी, आणि त्याचा पहिला मोठा चित्रपट त्यानंतर काही दिवसांतच पडद्यावर आला. अटक झाली त्याच वर्षी ‘खलनायक’ प्रदर्शित झाला. आणि सगळ्यात विलक्षण म्हणजे २००६. सप्टेंबरमध्ये ‘लगे रहो मुन्नाभाई’ आला, गांधीगिरी हा शब्द घराघरात गेला, आपल्या भागातसुद्धा लोक सरकारी कचेऱ्यांत फुलं घेऊन जाऊ लागले. आणि नोव्हेंबरमध्ये तोच चेहरा आरोपीच्या पिंजऱ्यात उभा राहून निकाल ऐकत होता. एवढा जबरदस्त योग समोर असल्यावर कुठल्या संपादकाचा हात शिवशिवणार नाही? मला ते समजतं. पण हा योग दोन गोष्टींमधला आहे: एक भूमिका, दुसरं कृत्य. भूमिका लेखकाने लिहिलेली, दिग्दर्शकाने बसवलेली, कित्येक लोकांच्या मेहनतीने उभी राहिलेली. कृत्य त्याने स्वतः केलेलं. ही दोन्ही एकाच तराजूच्या दोन पारड्यांत ठेवली, की प्रेक्षकाच्या नकळत अभिनय हा चारित्र्याचा पुरावा होऊन बसतो. आमच्या कोर्टात असा पुरावा कुणी द्यायला उठला तर समोरचा वकील पहिल्याच वाक्याला हरकत घेईल.

२०१८ साली त्याच्या आयुष्यावर ‘संजू’ हा चित्रपट आला. मुन्नाभाईचेच दिग्दर्शक, राजकुमार हिरानी. त्या चित्रपटाने बराचसा दोष वर्तमानपत्रांच्या मथळ्यांतल्या प्रश्नचिन्हांवर टाकला: शंका छापायची आणि नामानिराळं राहायचं. ती टीका योग्यच होती. त्या काळी कुणी काय काय छापलं ते माझ्या पिढीला आठवतं. पण आज तीच प्रश्नचिन्हं त्याच्या फायद्याची झाली आहेत. तेव्हा ‘अतिरेकी?’ असं छापून एका माणसावर अन्याय झाला, आता ‘गुन्हेगार?’ असं दाखवून निकालावर अन्याय होतो आहे.

हे सगळं दूर मुंबईतलं, आपल्याला त्याचं काय, असं वाटेल. माझ्या टेबलावर ते फायलींच्या रूपाने येतं.

वाढदिवसाला तलवारीने केक कापायचा, त्याचा व्हिडिओ करायचा, मागे ‘खलनायक’चं गाणं लावायचं आणि स्टेटसला टाकायचं. सांगली, मिरज, तासगाव, विटा, कुठल्याही गावात आता हे नवं राहिलेलं नाही. पोलीस मोबाइलवरचा व्हिडिओ पाहून शस्त्र अधिनियम कलम ४ व २५ खाली गुन्हा नोंदवतात. असाच एक एकोणीस वर्षांचा पोरगा वडिलांबरोबर माझ्याकडे आला होता. वडील द्राक्षबागेत मजुरीला, घड औषधात बुडवण्यापासून (डिपिंग) छाटणीपर्यंत मिळेल ते काम करणारे. पोरगा पोलीस भरतीची तयारी करत होता. रोज पहाटे उठून धावायचा, अंगात तेज दिसत होतं. तलवार मित्राची, केक मित्राचा, वाढदिवसही मित्राचाच. याने फक्त दोन्ही हातांनी ती उचलून धरली होती आणि व्हिडिओत तेवढंच दिसत होतं. मी एफआयआर वाचत असताना तो धीट आवाजात म्हणाला, “संजूबाबालाबी हेच कलम हुतं की, साहेब.”

वडिलांनी त्याच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. “किती दिस चालंल वो हे?” एवढंच त्यांनी मला विचारलं.

पोराचं म्हणणं कायद्याच्या दृष्टीने अर्धवट खरं होतं. अधिनियम तोच. फरक एवढाच की त्याच्या डोक्यात ते कलम शौर्यपदक म्हणून बसलं होतं. हे त्याला कुणी शिकवलं? शाळेने नाही, घराने नाही. त्याने निकालपत्र वाचलेलं नाही, ते वाचायचं त्याला कारणही नाही. त्याने ते दोन भागांत विभागलेले पडदे पाहिले आहेत, कार्यक्रमांचे तीस-तीस सेकंदांचे तुकडे पाहिले आहेत, आणि त्यातून एक हिशोब मांडला आहे: शस्त्र, मग तुरुंग, मग टाळ्या. त्याच्या बाबतीत हिशोब असा लागत नाही. त्याच्या बाबतीत शस्त्र, मग तारखा, मग चारित्र्य पडताळणीत गुन्ह्याची नोंद, मग भरतीचं वय निघून जाणं. मागे उभं राहायला खासदार वडील नाहीत, मोठे वकील नाहीत, वाट पाहणारे निर्माते नाहीत. पुनरागमनाची गोष्ट त्याच्यासाठी लिहिलेलीच नाही, हे त्याला कुठलीही वाहिनी सांगत नाही.

आपल्या भागात या गोष्टीला आणखी एक पदर आहे आणि तो मला फार महत्त्वाचा वाटतो. कृष्णाकाठाला फरारी माणसाचं वेड आहे, आणि ते उगाच आलेलं नाही. आजच्या सांगली जिल्ह्याचा बराचसा भाग जुन्या सातारा जिल्ह्यात असताना इथे इंग्रजांविरुद्ध प्रतिसरकार उभं राहिलं. क्रांतिसिंह नाना पाटील वर्षानुवर्षं भूमिगत होते. कुंडलचे जी. डी. बापू लाड, वाळव्याचे नागनाथअण्णा नायकवडी यांना सरकारी कागदांत गुन्हेगारच म्हटलं गेलं. शेणोलीजवळ पगाराची रेल्वे लुटली, धुळ्याचा खजिना लुटला. २४ जुलै १९४३ रोजी वसंतदादा पाटील सांगलीचा तुरुंग फोडून बाहेर पडले, खांद्यात गोळी लागली, पुढे हाच माणूस राज्याचा मुख्यमंत्री झाला. आमच्या आजीच्या पिढीने अशा माणसांना कणगीच्या मागे लपवलं, शेतात भाकरी पोचवली. त्यामुळे पोलीस ज्याच्या मागे आहेत तो आपला माणूस असू शकतो, ही भावना इथल्या मातीतच आहे.

त्याच भावनेने पुढे वाळवा तालुक्यातल्या बोरगावचे बापू बिरू वाटेगावकर लोकांच्या मनात घर करून बसले. खुनाच्या गुन्ह्यांत वर्षानुवर्षं फरारी, मग जन्मठेप, आणि सुटून आल्यावर गावोगाव व्यसनांविरुद्ध बोलणारा पांढऱ्या फेट्यातला म्हातारा. त्यांच्यावर पोवाडे झाले, चित्रपट झाला. २०१८ च्या जानेवारीत ते गेले. त्यांच्या म्हातारपणीच्या मुलाखती आजही मोबाइलवर फिरतात, आणि त्यातही तोच खेळ असतो: गोरगरिबांचा वाली की खुनी? ऐकणारा प्रत्येक जण आपल्याला हवं ते उत्तर घेऊन उठतो.

संजय दत्तच्या प्रेमात आमचा जिल्हा पडला तो या वाटेने, असं मला वाटतं. म्हणून आमच्यावर जबाबदारीही जास्त आहे. प्रतिसरकारने कायदा मोडला तो परक्या सत्तेचा, लोकांसाठी आणि उघड हेतूने. लुटीचा पैसा चळवळीसाठी होता. आणि सगळ्यात ध्यानात ठेवण्यासारखी गोष्ट म्हणजे, प्रतिसरकारचं नाव वापरून दरोडे घालणाऱ्यांचा बंदोबस्त प्रतिसरकारच्याच माणसांनी केला. बंडखोर कोण आणि बंडखोरीचं सोंग कोण घेतंय, हा फरक त्या लोकांनी जिवावर उदार होऊन जपला. त्यांचे नातू आपण. बंगल्यात रायफल ठेवणाऱ्या नटाला फरारी क्रांतिकारकाच्या ओळीत बसवणं, हा नाना पाटलांचा अपमान आहे. असं मी बार रूममध्ये म्हटलं तेव्हा दोघे-तिघे चिडले. चिडू द्या.

यावर सगळ्यात वजनदार युक्तिवाद असा येतो की त्याने शिक्षा भोगली, आता तरी सोडा त्याला. हे मला शंभर टक्के मान्य आहे. तुरुंगातून सुटलेल्याला काम मिळालं पाहिजे, मान मिळाला पाहिजे, लोकांचं प्रेमही मिळालं पाहिजे. माझे कितीतरी पक्षकार सुटून आल्यावर गावात उभं राहायला जागा मिळत नाही म्हणून पुण्याला निघून गेले. संजय दत्तला ती जागा मिळाली याचं मला दुःख नाही, इतरांना मिळत नाही याचं आहे. पण शिक्षा भोगणं म्हणजे गुन्हा मान्य होऊन त्याची परतफेड होणं. गुन्हाच धूसर केला तर भोगलेली शिक्षाही निरर्थक होते. मग ती परतफेड राहत नाही, नशिबाचा फेरा होऊन जाते. त्या कार्यक्रमात येरवड्याची दृश्यं अशीच होती: पावसाळी आभाळ, सतार, संथ आवाज. वनवास भोगायला निघालेला राजपुत्र.

तुरुंगाचा विषय निघालाच आहे तर रजांबद्दलही बोललं पाहिजे. शिक्षा भोगत असताना त्याला मिळालेल्या रजांवरून तेव्हा मोठा गदारोळ झाला, उच्च न्यायालयात याचिका झाली. नियम मोडल्याचं न्यायालयाला आढळलं नाही, हे स्पष्ट सांगितलं पाहिजे. म्हणजे नियमात ते बसत होतं. मला त्रास होतो तो नेमका इथे. नियम तेच असताना आमच्या लोकांच्या हाती काय लागतं ते पाहा. कोल्हापूरच्या कळंबा कारागृहातल्या कैद्याची आई माझ्याकडे येते, कवठेमहांकाळकडच्या एका खेड्यातली. मुलाला संचित रजा (फर्लो) हवी, बहिणीचं लग्न आहे. अर्ज तुरुंगातून जातो, मग चौकशीसाठी गावच्या पोलीस ठाण्यात येतो. तिथे जबाब: शेजाऱ्यांचे, फिर्यादी पक्षाचे, जामीनदाराचे. जामीनदार व्हायला भावकीतला कुणी तयार होत नाही. तयार झालाच तर जबाबाच्या दिवशी ऊसतोड सोडून येऊ शकत नाही. फिर्यादी पक्ष म्हणतो, आला तर भांडण होईल. अहवाल प्रतिकूल जातो, अर्ज नामंजूर. त्यावर अपील, नाहीतर थेट उच्च न्यायालय. तोवर लग्न होऊन मुलगी सासरी गेलेली असते. अभिवचन रजेचं, म्हणजे पॅरोलचं, तर विचारूच नका, तिकडे आई आजारी असल्याचा दाखला पोचेपर्यंत कधी कधी आईच राहत नाही.

एखाद्या वाहिनीला या माणसाच्या निमित्ताने तुरुंगावर बोलायचंच असेल तर हे दाखवा. त्याच नियमांच्या पुस्तकातलं तेच पान दोन कैद्यांसाठी कसं वेगवेगळं उघडतं, ते दाखवा. त्यासाठी संजय दत्तला वाईट ठरवायची काही गरज नाही. त्याच खटल्यात शस्त्रं ठेवल्याबद्दल शिक्षा झालेली एक वयस्कर बाई होती, तिलाही पाचच वर्षांची शिक्षा होती, पण टाडाखाली. तिच्यावर तासाभराचा कार्यक्रम कुणी केला नाही. एकूण १२३ आरोपींपैकी शंभर जण दोषी ठरले. त्यांपैकी किती नावं आपल्याला आठवतात?

आणि ते २५७. कार्यक्रमात त्यांच्या वाट्याला एक मिनिटसुद्धा नव्हतं. धुराचं एक दृश्य, त्यावर आकडा, आणि लगेच कॅमेरा पुन्हा पाली हिलच्या बंगल्याकडे. त्या दिवशी शेअर बाजार हादरला, एअर इंडियाची इमारत हादरली, झवेरी बाजार, मशीद बंदरचा काथा बाजार. साताऱ्या-सांगलीकडून मुंबईला गेलेले माथाडी ज्या गल्ल्यांतून डोक्यावर पोती वाहतात, त्यांतलीच ती एक गल्ली. स्फोटांच्या कटाच्या आरोपातून न्यायालयाने नटाला मुक्त केलं आहे आणि ते दर वेळी सांगितलं पाहिजे. पण ती रायफल त्याच माणसांच्या साखळीतून आली होती, ज्यांनी पुढे शहर उडवलं. म्हणून मेलेल्यांच्या घरच्यांना या गोष्टीत पडद्यावर जागा हवी. त्यांना विचारायला हवं की गेल्या तीस वर्षांत तुम्ही हा चेहरा भिंतीवरच्या पोस्टरवर पाहिलात तेव्हा तुम्हाला काय वाटलं. कदाचित त्यांतलेही काही म्हणतील, आम्हाला मुन्नाभाई आवडला. त्यांना तो अधिकार आहे.

मला या माणसाचं व्यक्तिचित्र पाहायला आवडेल, मनापासून. आई गेल्यावर कोसळलेला मुलगा, व्यसनातून स्वतःला खेचून काढलेला तरुण, मुलासाठी दारोदार फिरलेला बाप, यांत बनावट काही नाही. पण सुरुवात निकालापासून करा. पहिल्या पाच मिनिटांत सांगून टाका की काय सिद्ध झालं आणि काय झालं नाही. ते लाल प्रश्नचिन्ह काढून टाका. मग उरलेली पंचावन्न मिनिटं समोर बसवून त्याला विचारा. तुरुंगात जेवायला काय मिळायचं, कागदी पिशव्या कशा करायचे, हे विचारून झालं आहे. त्याऐवजी विचारा की ती रायफल घरात आली त्या दिवशी वडिलांना का सांगितलं नाहीत? स्वतः खासदार असलेल्या माणसाच्या घरातून पोलीस आयुक्तांना एक फोन जाऊ शकत होता, तो का गेला नाही? १२ मार्चच्या संध्याकाळी बातम्या ऐकल्यावर त्या वस्तूचं काय करायचं, असा विचार मनात आला का, आणि आला असेल तर एप्रिल उजाडेपर्यंत काय घडलं? तलवार उचलून स्टेटस टाकणाऱ्या आमच्या पोरांना तुम्ही काय सांगाल? साठी ओलांडलेला, सगळं भोगून झालेला, लपवायला आता काही न उरलेला माणूस या प्रश्नांची उत्तरं देऊ शकतो. ती मिळाली, तर तो कार्यक्रम मी माझ्या ऑफिसात त्या पोराला शेजारी बसवून दाखवीन, त्याच्या पुढच्या तारखेच्या आधी.